किल्ली फिरते, पण गाडी का सुरू होत नाही?
(बी. कॉम., द्वितीय वर्ष)

वाणिज्य शाखेच्या विद्यार्थ्याने मोटारीच्या वायरिंगवर लेख लिहावा, याचे काही वाचकांना आश्चर्य वाटेल. पण विजेचा हिशेब आणि वहीचा हिशेब यांत फारसे अंतर नाही. बॅटरीतून जेवढा दाब निघाला, तेवढा वाटेत कुठे ना कुठे खर्ची पडलाच पाहिजे. कुठे किती खर्ची पडला हे शोधणे म्हणजेच बिघाड शोधणे. हा हिशेब एकदा समजला, की बॅटरीपासून सेल्फपर्यंत एकेक वस्तू बदलत बसण्याची पाळी येत नाही.

जुनी गाडी म्हणजे येथे कार्बुरेटर, पॉइंट व कंडेन्सर असलेली गाडी समजावी. अॅम्बॅसॅडरचे उत्पादन २०१४ साली थांबले. पद्मिनीचे त्याही आधी बंद झाले होते आणि मुंबईतील शेवटची पद्मिनी टॅक्सी ऑक्टोबर २०२३ मध्ये रस्त्यावरून गेली. तरीही आपल्या भागात कोणाच्या तरी अंगणात अशी एखादी गाडी उभी असतेच आणि लग्नसराईत ती बाहेरही निघते. या गाड्यांची किल्ली नुसतेच कुलूप उघडत नाही. कन्नडमध्ये कुलुपाला ‘कीलि’ आणि किल्लीला ‘कीलिकै’ म्हणतात, म्हणजे शब्दशः ‘कुलुपाचा हात’. मोटारीत हा हात कुलपाच्या मागे बसवलेला विजेचा स्विच फिरवतो. बिघाड बहुधा त्या स्विचात असतो, कुलपात नसतो.

स्विचचे काम

पूर्वी गाडी हँडल मारून सुरू करीत. १९१२ साली अमेरिकेत कॅडिलॅक गाडीत चार्ल्स केटरिंग यांनी तयार केलेला विजेचा सेल्फ आला. नुसती किल्ली फिरवून सेल्फ मारण्याची सोय क्रायस्लर कंपनीने १९४९ मध्ये आणली. तेव्हापासून किल्लीच्या स्विचवर दोन जबाबदाऱ्या आल्या.

स्विचला साधारणतः तीन महत्त्वाची टोके असतात. पहिल्या टोकावर बॅटरीची वीज सदैव हजर असते. दुसरे टोक ‘इग्निशन’चे. किल्ली ‘ऑन’ला आली की येथून कॉइलला वीज मिळते आणि सेल्फ मारतानाही ती चालू राहावी लागते. तिसरे टोक ‘स्टार्ट’चे. किल्ली शेवटपर्यंत दाबून फिरवली तेवढाच वेळ त्यावर वीज येते व सोलेनॉइड ओढला जातो. हात सोडला की स्प्रिंग किल्लीला मागे आणते. काही गाड्यांत रेडिओ वगैरेंसाठी चौथे टोक असते.

सेल्फ शंभर अँपियरहूनही अधिक प्रवाह घेतो. तो प्रवाह या स्विचातून जात नाही. बॅटरीपासून जाड केबलने सोलेनॉइडमार्गे थेट सेल्फला जातो. किल्लीचा स्विच फक्त सोलेनॉइडला हुकूम देतो. दिवाणजीने चिठ्ठी द्यावी आणि तिजोरीतून रक्कम दुसऱ्याने मोजून द्यावी, तसाच हा प्रकार.

लक्षणांवरून निदान

किल्ली फिरवताच डॅशबोर्डवरचे दिवे लागत नाहीत, काहीच होत नाही, तर स्विचकडे वळण्यापूर्वी बॅटरीची टोके व अर्थची पट्टी पाहावी. पांढरी-हिरवी बुरशी धरलेले टोक हे नेहमीचे कारण आहे.

दिवे लागतात, पण सेल्फ फिरत नाही. अशा वेळी गाडीच्या आतला, छताचा दिवा लावून ठेवावा व किल्ली ‘स्टार्ट’ला न्यावी. दिवा एकदम मंदावला, तर वीज निघते आहे, पण बॅटरी कमजोर आहे, टोके सैल आहेत किंवा सेल्फ अडकला आहे. दिवा जरासुद्धा हलला नाही आणि ‘टक्’ असा आवाजही आला नाही, तर हुकूम सोलेनॉइडपर्यंत पोहोचलेलाच नाही. मग स्विच, त्याची वायर किंवा सोलेनॉइडची गुंडाळी संशयित ठरते.

सेल्फ जोरात फिरतो, पण इंजिन हात सोडताक्षणीच पकडते. याचा अर्थ सेल्फ मारताना इग्निशनच्या टोकावर वीज टिकत नाही. उलट सेल्फ मारताना इंजिन पकडते आणि हात सोडताच बंद पडते, तर ‘ऑन’ जागेचा संपर्क खराब आहे. कॉइलआधी बॅलास्ट रेझिस्टर असलेल्या गाड्यांत तो रेझिस्टर तुटला तरी हेच होते.

खड्ड्यात चाक गेले की इंजिन झटका खाते, किंवा किल्लीला हात लागताच बंद पडते. हे झिजलेल्या संपर्काचे लक्षण होय. किल्लीला घरच्या, दुकानच्या, कपाटाच्या किल्ल्या अडकवून केलेला मोठा जुडगा प्रत्येक हिसक्याला स्विच ओढीत असतो, हेही त्याचे एक कारण.

किल्ली बंद केली, इग्निशनचा लाल दिवा विझला, तरी इंजिन खोकत खोकत थोडा वेळ फिरते. यात स्विच निर्दोष आहे. तापलेला कार्बन पेट्रोल पेटवीत असतो. परंतु किल्ली बंद असूनही कॉइलवर वीज राहत असेल, तर मात्र स्विचच्या पत्र्या चिकटल्या असण्याचा संभव आहे. सेल्फ फिरायचा थांबतच नसेल, तर कारण शोधत न बसता प्रथम बॅटरीची केबल काढावी.

मीटर कधी फसवतो?

तपासणीला एक साधा मल्टिमीटर आणि एक टेस्ट लॅम्प पुरे. टेस्ट लॅम्प म्हणजे इंडिकेटरचा २१ वॅटचा बल्ब व त्याला जोडलेल्या दोन वायरी. एवढा मोठा बल्ब घेण्यास कारण आहे.

आमच्या परिचयाच्या एका गृहस्थांची जुनी गाडी सकाळी कुरकुर करी. एका गॅरेजमध्ये आधी बॅटरी बदलली, मग कॉइल. स्विचवर मीटर लावला तेव्हा बारा व्होल्ट दिसले, म्हणून स्विच चांगला ठरवून सोडून दिला. पुढे चोर्ला घाटात रात्री गाडी बंद पडली, हेडलाइटही गेले, आणि वळणावर कुटुंबासह त्यांना अंधारात उभे राहावे लागले. मागून ट्रक येत होते. कोणाला इजा झाली नाही, ही गोष्ट वेगळी. शेवटी दोष त्याच स्विचात निघाला.

मग मीटरने बारा व्होल्ट का दाखवले? ओहमच्या नियमाप्रमाणे अडथळ्यावर खर्ची पडणारा दाब म्हणजे प्रवाह गुणिले रोध. प्रवाह शून्य असेल, तर रोध कितीही असला तरी खर्च शून्यच. डिस्ट्रिब्युटरमधले पॉइंट उघडे असताना कॉइलमधून प्रवाह वाहत नाही, म्हणून मीटर पूर्ण दाब दाखवतो. बंद दुकानाचा हिशेब नेहमीच जुळतो! व्यवहार सुरू असताना तो तपासला पाहिजे. २१ वॅटचा बल्ब सुमारे पावणेदोन अँपियर ओढतो. त्याच्यापुढे खराब संपर्क लपत नाही, बल्ब मंद पेटतो.

आता खरा हिशेब मांडू. समजा, बॅटरी १२.४ व्होल्ट आहे, कॉइलचा रोध ३ ओहम आहे, पॉइंट मिटलेले आहेत आणि स्विचच्या जळक्या पत्र्यांत १ ओहमचा रोध झाला आहे. प्रवाह सुमारे ३ अँपियर वाहील. खर्चाची बाजू अशी होईल: बॅटरी ते स्विच ०.१, स्विचच्या आत ३.०, स्विच ते कॉइल ०.२, कॉइलमध्ये ९.०, पॉइंट व अर्थमध्ये ०.१. एकूण १२.४ व्होल्ट. तेरीज जुळली! स्विचच्या नावावर पडलेले ३ व्होल्ट हीच चोरी. तिथे ९ वॅट उष्णता निर्माण होते, म्हणून असा स्विच हाताला गरम लागतो आणि जितका तापतो तितका अधिक जळतो.

स्विच चांगला असता, तर प्रवाह सुमारे ४ अँपियर असता. ४ चे ३ झाले, तर एवढे काय बिघडले, असे वाटेल. पण कॉइलमध्ये साठणारी ऊर्जा प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणात असते. १६ च्या जागी ९, म्हणजे जवळजवळ निम्मी ठिणगी गेली. त्यात सेल्फ फिरताना बॅटरीचा दाब आणखी उतरतो. थंडीच्या सकाळी गाडी का रुसते, हे यावरून ध्यानात येईल.

तपासणीचा क्रम

गाडी न्यूट्रलमध्ये घालावी, हँडब्रेक ओढावा, हातातील अंगठी व घड्याळ काढून ठेवावे.

पहिल्याने बॅटरी. पूर्ण भरलेली, विश्रांती घेतलेली बॅटरी १२.६ व्होल्टच्या आसपास असते. सेल्फ मारताना ती १० व्होल्टच्या बरीच खाली जात असेल, तर आधी तिचा बंदोबस्त करावा.

दुसऱ्याने टेस्ट लॅम्प. त्याचे एक टोक बॉडीच्या स्वच्छ लोखंडाला लावून दुसरे क्रमाने स्विचच्या टोकांना लावावे. बॅटरीच्या टोकावर दिवा सदैव पेटला पाहिजे. इग्निशनच्या टोकावर ‘ऑन’ व ‘स्टार्ट’ या दोन्ही जागी. आणि स्टार्टच्या टोकावर फक्त ‘स्टार्ट’मध्ये. आत वीज आहे आणि बाहेर नाही, तर दोष स्विचचा. बाहेर आहे, पण सोलेनॉइडच्या लहान टोकावर पोहोचत नाही, तर दोष वायरीचा.

तिसऱ्याने हलवून पाहणे. दिवा लावलेलाच ठेवून आधी फक्त किल्ली हलवावी, नंतर फक्त वायरी. किल्लीने दिवा लुकलुकला तर स्विच, वायरीने लुकलुकला तर सैल टोक.

चौथ्याने दाबाची घट. पॉइंट मिटलेले असताना किल्ली ‘ऑन’ करून मीटरचे एक टोक बॅटरीच्या धन बाजूस आणि दुसरे स्विचच्या इग्निशन टोकास लावावे. अर्ध्या व्होल्टहून अधिक घट दिसली, तर वाट खराब आहे. मग मीटर स्विचच्या दोन टोकांवर लावून त्यातील किती घट स्विचची, हे वेगळे काढावे. बॅलास्ट रेझिस्टरच्या गाडीत कॉइलवर कमी दाब असणे हे योजनेप्रमाणेच असते. म्हणून तेथे मोजमाप स्विचपाशी करावे. तपासणी झटपट उरकावी. पॉइंट मिटलेले ठेवून किल्ली फार वेळ चालू राहिली, तर कॉइल तापते.

दुरुस्ती

स्विचला हात लावण्यापूर्वी बॅटरीची अर्थ केबल काढावी. पुष्कळ जुन्या गाड्यांत बॅटरीकडून स्विचला येणाऱ्या वायरीला फ्यूजच नसतो. ती बॉडीला टेकली तर क्षणात लाल होते आणि तेथून आग लागू शकते. ब्रिटिश वळणाच्या लुकास रंगसंकेतात ही वायर तपकिरी, इग्निशनची पांढरी आणि फ्यूजमधून गेलेली हिरवी असते. परंतु चाळीस वर्षांत अनेक हातांनी वायरी बदललेल्या असतात. रंगावर विश्वास न ठेवता प्रत्येक वायरीला कागदी चिठ्ठी बांधावी.

टोके सैल असतील, तर ती साफ करून घट्ट केल्यानेच बरेचदा काम भागते. आतल्या पत्र्यांवर काजळी असेल, तर कॉन्टॅक्ट क्लीनरने तात्पुरता गुण येतो. पत्र्या जळून खड्डे पडले असतील किंवा प्लास्टिक वितळले असेल, तर घासत बसण्यात अर्थ नाही, नवा स्विच घालावा. स्विच उघडताना आतली स्प्रिंग व गोळी उडून जाते, हे लक्षात ठेवावे.

नवा स्विच घालून मूळ कारण राहिले, तर तोही जळेल. हेडलाइटची वीज किल्लीच्या स्विचमधून जात असेल, तर ६० वॅटचे दोन बल्ब १० अँपियर ओढतात आणि हौसेने घातलेले १०० वॅटचे दोन बल्ब सोळाहून अधिक. यावर उपाय म्हणजे रिले. त्याच्या ३० क्रमांकाच्या टोकास बॅटरीची वीज फ्यूजमधून द्यावी, ८७ वरून दिव्यांना न्यावी, ८५ ला अर्थ व ८६ ला स्विचची वायर. रिलेची गुंडाळी अँपियरचा लहानसा अंशच घेते. स्विच पुन्हा चिठ्ठी देण्यापुरता उरतो व दीर्घायुषी होतो.

हा विषय किरकोळ नाही. २०१४ साली जनरल मोटर्सने सुमारे २६ लाख गाड्या इग्निशन स्विचसाठी परत बोलावल्या. स्विचमध्ये किल्लीला जागेवर धरून ठेवणारी पकड कमजोर होती. धक्क्याने किंवा जड जुडग्याने किल्ली सरके, चालत्या गाडीचे इंजिन बंद पडे आणि अपघातात एअरबॅगही उघडत नसत. या दोषामुळे झालेले १२४ मृत्यू भरपाई निधीने मान्य केले. त्या गाड्यांचे स्विच आपल्या जुन्या गाड्यांहून वेगळे खरे, पण किल्ली जागेवर टिकणे किती मोलाचे असते, हे त्यावरून कळावे. एअरबॅग आणि इमोबिलायझर असलेल्या नव्या गाडीवर मात्र वरील प्रयोग करू नयेत.

तेव्हा घरच्या जुन्या गाडीच्या किल्लीला एकच किल्ली ठेवा. स्विच गरम लागतो का, हे अधूनमधून हात लावून पाहा. आणि गॅरेजमध्ये कोणी नवी बॅटरी सुचवली, तर नम्रपणे एवढेच विचारा: “मेस्त्री, पॉइंट मिटलेले ठेवून स्विचवर किती व्होल्ट पडतात, ते पाहिलंत का?” उत्तर मिळाल्यावरच पैसे मोजा.