माजी सैनिक व त्यांचे कुटुंबीय : निद्रानाशाच्या तक्रारीमागील मन

प्रास्ताविक

आहार व ब्रह्मचर्य यांच्या बरोबरीने निद्रेला चरकाचार्यांनी शरीराचा उपस्तंभ मानले आहे. सुख-दुःख, पुष्टी-कार्श्य व बल-दौर्बल्य हे निद्रेच्या अधीन असल्याचे प्रतिपादन सूत्रस्थानाच्या २१ व्या अध्यायात आहे. तथापि ‘झोप लागत नाही’ एवढीच तक्रार घेऊन रुग्ण आला, की आपण बहुधा एखादे निद्राकर औषध लिहून मोकळे होतो. रुग्ण माजी सैनिक असेल, तर एवढ्यावर थांबणे अपुरे आणि क्वचित अपायकारकही ठरते. प्रस्तुत लेखात याचाच विचार केला आहे.

सातारा जिल्ह्यातील अपशिंगे मिलिटरीसारख्या गावांत सैन्यसेवेची परंपरा पिढ्यान्‌पिढ्यांची आहे. तेथे निवृत्त जवान पारावर जाऊन बसला तरी त्याला बरोबरीची माणसे भेटतात. आमच्या दिग्रस परिसरात एखाद्या गावी असा माणूस एकटाच असतो. १५ ऑगस्टला गाव त्याचा सत्कार करते. परंतु रात्री दोन वाजता तो दचकून का उठतो, हे कोणी विचारीत नाही. त्यामुळे तो प्रथम येतो तो वैद्याकडे किंवा औषधी दुकानात, आणि सांगतो ती शरीराची तक्रार.

लक्षणे

आम्लपित्त, मलावष्टंभ, शिरःशूल, कटिशूल व निद्रानाश ही नेहमीची यादी होय. शांतपणे विचारल्यास पुढचे कळते. दिवाळीच्या फटाक्यांनी अंगाला कापरे भरते. गर्दीत बसताना पाठ भिंतीला लागते. तेच ते स्वप्न पडते. सोबत्याच्या मृत्यूचा विषय निघाला की तो उठून जातो. क्षुल्लक कारणावरून क्रोध येतो. पहिल्या महायुद्धात या अवस्थेला ‘शेल शॉक’ म्हटले गेले. १९८० मध्ये अमेरिकन मानसरोगतज्ज्ञांच्या वर्गीकरणात पीटीएसडी हे नाव आले. आघातानंतर अशी लक्षणे एक महिन्याहून अधिक टिकली, तर तिकडे लक्ष दिलेच पाहिजे.

मात्र प्रत्येक माजी सैनिक मनोरुग्ण असतो, असा समज करून घेऊ नये. अनेकांना युद्धाने नव्हे, तर निवृत्तीने ग्रासलेले असते. पस्तिशी-चाळिशीतच गणवेश उतरतो. आदेश, हुद्दा व सोबती एकाच दिवशी सुटतात. जून २०२२ मध्ये जाहीर झालेल्या अग्निपथ योजनेनुसार चार वर्षांनंतर जास्तीत जास्त २५ टक्के अग्निवीर नियमित सेवेत घेतले जावयाचे आहेत. उरलेले तरुण निवृत्तीवेतनाविना घरी परततील. ही पिढीही उद्या आपल्याच दारी येणार आहे.

हेतू व संप्राप्ती

रात्रीचे पहारे, वेगविधारण, विषमाशन आणि अतिशीत प्रदेशातील वास हे सारे वातप्रकोपक हेतू होत. रात्रिजागरणाने रूक्षता वाढते. त्यात भय व शोक यांची भर पडून रज-तम बळावतात. मनाचा हा क्षोभ शरीरात उतरतो, हे आपले शास्त्र जाणते. म्हणूनच चरकांनी भयज व शोकज अतिसार स्वतंत्र सांगितले आहेत. ‘पोटाचा रुग्ण’ म्हणून आलेल्या सैनिकाकडे या दृष्टीने पाहावे.

कुटुंबाचा विचार

पंधरा-वीस वर्षे शेती, सासू-सासरे व मुलांचे शिक्षण पत्नीने एकटीने सांभाळलेले असते. पती परततो आणि घरात दोन कारभारी होतात. मुलांना वडील पाहुण्यासारखे वाटतात. अंगदुखी व शिरःशूल घेऊन आलेल्या या भगिनीला पतीच्या निवृत्तीचे वर्ष अवश्य विचारावे. वीरपत्नीच्या बाबतीत शोकाबरोबर निवृत्तीवेतनावरून होणारे घरगुती कलहही असतात. तिच्याशी एकांतात बोलावे.

आमच्याकडून घडलेली चूक

काही वर्षांपूर्वी एका निवृत्त हवालदारास निद्रानाशासाठी आम्ही सारस्वतारिष्ट दिले. दुसऱ्याच मात्रेनंतर चेहरा लाल होऊन, छाती धडधडून व वांत्या होऊन तो परत आला. तो मद्य सोडण्यासाठी डायसल्फिरामच्या गोळ्या घेत होता. त्याने ते सांगितले नव्हते, हे खरे. पण आम्ही विचारलेही नव्हते, हे अधिक खरे. आसवारिष्टांतील स्वयंजनित मद्यार्क अशा रुग्णास पुरेसा घातक असतो. गोळी बंद केल्यावरही सुमारे दोन आठवडे हा धोका राहतो. मद्य सोडलेल्या कोणत्याही रुग्णास आसवारिष्टे न देणेच इष्ट.

औषधालय चालकांसाठीही यात बोध आहे. ‘झोपेचे काहीतरी द्या’ म्हणणाऱ्यास सर्पगंधायुक्त वटी परस्पर देऊ नये. सर्पगंधेतील रिसरपिनमुळे रक्तदाब उतरतो व विषाद वाढू शकतो. ‘इतर कोणती गोळी चालू आहे? मद्य घेता काय?’ हे दोन प्रश्न विचारण्यास अर्धा मिनिट पुरतो.

चिकित्सा

अभ्यंग, पादाभ्यंग व शिरोधारा यांनी वातशमन साधावे. अग्निबल पाहून कल्याणक घृत किंवा ब्राह्मी घृत योजावे; यांत मद्यार्काचा प्रश्न येत नाही. झोपण्या-उठण्याची वेळ नियमित ठेवावी. शिस्त अंगवळणी असल्याने सैनिक ही दिनचर्या उत्तम पाळतो. सत्त्वावजय म्हणजे अहितकर विषयांपासून मनाचा निग्रह. परंतु ‘विसरून जा’ असे सांगणे म्हणजे सत्त्वावजय नव्हे. इष्ट वस्तूच्या नाशाने मन विकल झाले असता चरकांनी सांत्वन व आश्वासन सांगितले आहे. ऐकून घेणे ही त्याची पहिली पायरी होय. चालू असलेली आधुनिक औषधे आपण होऊन बंद करू नयेत.

कोठे पाठवावे

जीव नकोसा झाल्याचे विचार येतात काय, हे स्पष्ट विचारावे; विचारल्याने ते वाढत नाहीत. उत्तर होकारार्थी आल्यास रुग्णास एकटे सोडू नये. परवान्याची बंदूक व कपाशीचे कीटकनाशक त्याच्या हाती लागणार नाही, अशी व्यवस्था कुटुंबीयांकडून करवून त्याच दिवशी यवतमाळच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालय रुग्णालयात पाठवावे. दीर्घकाळ अतिमद्यपान करणाऱ्याने मद्य एकाएकी सोडल्यास कंप, झटके व भ्रम संभवतात. त्यासही रुग्णालयच हवे.

ऑक्टोबर २०२२ मध्ये सुरू झालेल्या टेलिमानस सेवेचा १४४१६ हा निःशुल्क क्रमांक दर्शनी भागात लावावा. २००३ पासूनच्या माजी सैनिक अंशदायी आरोग्य योजनेचे कार्ड आहे काय, ते पाहावे. निवृत्तीवेतन व वीरपत्नींच्या प्रश्नांसाठी यवतमाळचे जिल्हा सैनिक कल्याण कार्यालय आहे. २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा अधिनियमाने मनोविज्ञान व मानसरोग विषयातील आयुर्वेद पदव्युत्तरांना मानसिक आरोग्य व्यावसायिकांत स्थान दिले आहे, केवळ बी.ए.एम.एस. पदवीने ते प्राप्त होत नाही. ही मर्यादा ओळखण्यात कमीपणा नाही.

समारोप

आपण मानसरोगतज्ज्ञ नसू. परंतु दिग्रससारख्या गावी रुग्ण प्रथम भेटतो तो आपल्यालाच. ‘आपण सैन्यात होता काय?’ हा एक प्रश्न प्रत्येक वैद्यबंधू-भगिनीने आपल्या केसपेपरावर छापून घ्यावा, एवढीच विनंती.