याचिका निकाली निघाली, म्हणजे प्रश्न सुटला का?

न्यायालयीन आदेशांवर संशोधन करायचा विचार असेल, तर एका शब्दाची ओळख आत्ताच करून घ्या: 'इन्फ्रक्चुअस', म्हणजे निष्फळ. याचिका दाखल झाल्यावर बाहेर असं काहीतरी घडतं, की मागितलेली दाद देण्यात अर्थच उरत नाही. समजा, एकाने बदलीला आव्हान दिलं आणि सुनावणीआधीच खात्याने बदली रद्द केली. दुसरीने 'परीक्षेला बसू द्या' अशी मागणी केली आणि सुनावणी येईपर्यंत परीक्षा होऊन गेली. दोघांच्याही आदेशात तेच लिहिलेलं असतं: याचिका निष्फळ ठरल्याने निकाली.

पहिल्याला हवं ते मिळालं, दुसरीचं वर्ष गेलं. मी सुरुवातीला असे सगळे आदेश 'फेटाळल्या' या रकान्यात टाकले होते. चूक लक्षात आल्यावर प्रत्येक आदेश पुन्हा उघडून वाचावा लागला. तुम्ही हे टाळा.

दुसरी गोष्ट, परिस्थिती बदलली की न्यायालय थांबतंच असं नाही. मोठा घटनात्मक प्रश्न असेल तर ते निकाल देतं. पण दाद देता येईलच असं नाही. बिहार विधानसभा 23 मे 2005 रोजी विसर्जित झाली. 7 ऑक्टोबरला सर्वोच्च न्यायालयाने ते विसर्जन घटनाबाह्य ठरवलं, पण तोवर नव्या निवडणुकीची प्रक्रिया सुरू झाली होती, म्हणून जुनी विधानसभा परत आणली नाही. नोटाबंदीचंही तसंच. निर्णय 8 नोव्हेंबर 2016 चा, निकाल 2 जानेवारी 2023 चा. आता हा प्रश्न केवळ पुस्तकी उरला आहे, असं सरकारचं म्हणणं होतं. तरी न्यायालयाने तो ऐकला आणि 4 विरुद्ध 1 मताने नोटाबंदी वैध ठरवली. ती बेकायदेशीर मानणाऱ्या न्या. नागरत्ना यांनीही, आता पूर्वस्थिती आणता येणार नाही, हे मान्य केलं.

म्हणजे बिहारची याचिका 'जिंकली' म्हणायची की 'हरली'? एका रकान्यात हे उत्तर बसत नाही. म्हणून प्रत्येक आदेशाला चार प्रश्न विचारा. नंतर नेमकं काय घडलं? ते कोणामुळे घडलं: प्रतिवादीमुळे, याचिकाकर्त्यामुळे, की नुसता वेळ गेल्यामुळे? मधल्या काळात अंतरिम स्थगिती होती का? आणि शेवटी याचिकाकर्त्याच्या हाती काय पडलं? सोबत तीन तारखा नोंदवा: दाखल झाल्याची, घटना घडल्याची, निकाली निघाल्याची. आदेशात माहिती नसेल तर 'माहिती नाही' असं लिहा, अंदाज करू नका.

एवढं केलंत, तर 'निकाली निघालेल्या' प्रकरणांच्या आकड्यात न्याय किती आणि नुसता उशीर किती, हे तुम्हाला वेगळं काढून दाखवता येईल. परीक्षा हुकलेली ती विद्यार्थिनी तुमच्या तक्त्यात दिसली पाहिजे.