पडद्यावरची भीती कोण उभी करतं?

गटाच्या बैठकीत हप्ते गोळा होईपर्यंत हल्ली मोबाइलवरच्या भुताच्या सिनेमांच्या गप्पा निघतात. घाबरायचं, आणि रात्री पुन्हा तोच सिनेमा लावायचा! म्हणून आज आम्ही ही भीती तयार करणाऱ्या हातांविषयी बोलणार आहोत.

सिनेमात भूत नंतर येतं, आधी जागा तयार होते. १९९८ सालच्या ‘रिंगु’ या जपानी चित्रपटात एक दगडी विहीर आहे. आपल्या शिवारात असते तशी साधीच, पण तिच्यातून बाई वर येते तेव्हा अंगावर काटा येतो. अशी विहीर, भिंत, अंधार कसा दिसावा हे ठरवतो कलादिग्दर्शक. त्यासाठी लागणारा पैसा आणि माणसं जमवतो निर्माता.

ही दोन्ही कामं आपल्या शेजारी, कोल्हापुरात, एकाच माणसानं केली. बाबूराव कृष्णराव मेस्त्री, म्हणजे बाबूराव पेंटर. जन्म १८९० चा. चुलतभाऊ आनंदराव यांच्याबरोबर ते नाटकांचे पडदे रंगवायचे. सिनेमाचं वेड लागलं, पण विलायती कॅमेरा परवडेना. मग जुनं यंत्र खोलून बघत घरीच कॅमेरा बनवायला घेतला. १९१६ साली आनंदराव वारले. काम थांबलं नाही. दामले यांना हाताशी धरून बाबूरावांनी तो पुरा केला.

कॅमेरा झाला, पण भांडवल? महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहताना पैशाची मदत करणाऱ्यांत गायिका तानीबाई कागलकर होत्या. कंपनीच्या गोष्टीत हे नाव घाईत वाचलं जातं. आम्ही मुद्दाम थांबून घेतो. त्या काळी एका बाईनं आपली कमाई अशा नव्या, बेभरवशाच्या धंद्यात घातली!

‘सैरंध्री’ १९२० साली पुण्यात लागला. चित्रपट मुका. संवाद नाही, किंकाळी नाही, छाती धडधडवणारं संगीत पडद्यातून येत नाही. तरी भीमानं कीचकाला मारल्याचा प्रसंग इतका खरा वाटला की सरकारी सेन्सॉरला तो झेपला नाही आणि कात्री लागली. टिळकांनी मात्र बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हणून गौरवलं.

यामागचं कसब समजून घेऊ. रंगवलेल्या पडद्यावर खांब काढला तर त्याच्यामागे कुणी लपू शकत नाही. त्याची सावलीही पडत नाही. बाबूरावांनी सपाट पडद्यांऐवजी खोली असलेले, उभे सेट बांधले. कोपरा आला की तिथं काय आहे ही शंका येते, आणि भीती तिथूनच सुरू होते. चित्रीकरणाआधी ते पात्रांचे पोशाख, हालचाली कागदावर काढून ठेवत. जाहिरातीची चित्रंही स्वतः रंगवत.

‘सैरंध्री’त बायकांच्या भूमिका बायकांनीच केल्या, गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांनी. तेव्हा हे काम हलकं मानलं जाई. लोकांनी त्यांना वाळीत टाकलं आणि बाबूरावांना त्यांची सोय स्टुडिओतच करावी लागली. म्हणजे पडद्यावरची भीती खोटी होती, या दोघींच्या वाट्याला आली ती खरी.

१९२५ साली बाबूरावांनी ‘सावकारी पाश’ काढला. यात राक्षस नाही, कीचक नाही. सावकाराच्या लबाडीनं जमीन गेलेला शेतकरी आहे, तो शहरात मजुरीला जातो. तरुण शेतकरी झाले होते व्ही. शांताराम. अंधुक उजेडातली खोपी आणि विव्हळणारं कुत्रं, एवढंच दृश्य बघणाऱ्यांच्या वर्षानुवर्षं लक्षात राहिलं. कर्जाच्या कागदावर अंगठा उठवलेल्या घरात रात्र कशी जाते, हे आपल्यातल्या आजीबाईंना सांगायला नको.

पुढे १९२९ साली शांताराम, दामले, फत्तेलाल बाहेर पडले आणि त्यांनी ‘प्रभात’ काढली. बाबूरावांची कंपनी काही वर्षांत बंद झाली. त्यांनी मोजके बोलपट केले, १९३६ साली ‘सावकारी पाश’ही पुन्हा, या वेळी आवाजासह. चित्रं आणि शिल्पं शेवटपर्यंत चालूच होती. १९५४ साली कोल्हापुरातच ते गेले. त्यांच्या बहुतेक मूकपटांच्या प्रती आता उरलेल्या नाहीत.