आठ सारखेच भाग

रविवारी हैदराबादच्या आबिड्सची बरीच दुकानं बंद असतात आणि त्यांच्यापुढे फुटपाथवर जुन्या पुस्तकांचा बाजार भरतो. तिथून चार पावलांवर, आमच्या घरी, माझा आणि भाच्याचा रविवार ॲनिमेचा संग्रह लावण्यात जातो. डिस्कांवरून उतरवलेल्या फायली जुन्या डेस्कटॉपवर आहेत आणि त्यावर जेलिफिन चालतं. 2018 मध्ये एंबी या मीडिया सर्व्हरचा कोड बंदिस्त झाला, तेव्हा त्यातून फुटून निघालेलं हे मोफत सॉफ्टवेअर. फोल्डरचं नाव वाचून ते पोस्टर, सारांश, भागांची नावं शोधून लावतं. म्हणून नावात साल हवंच. नाहीतर ‘फुलमेटल अल्केमिस्ट’च्या 2003 आणि 2009 च्या दोन वेगळ्या मालिकांची सरमिसळ होते.

खरं काम क्रम लावण्याचं. क्योतो ॲनिमेशनची ‘हारुही सुझुमिया’ 2006 मध्ये आली ती मुद्दाम उलटसुलट क्रमाने. पहिला भाग म्हणजे पात्रांनीच शाळेसाठी काढलेला हौशी सिनेमा. कॅमेरा हलतोय, अभिनय कच्चा, आणि ही मुलं कोण तेही माहीत नाही. 2009 मध्ये 14 नवे भाग घालून सगळे 28 कथेच्या क्रमाने दाखवले गेले. जुन्या भागांना मी 2006 चाच क्रम ठेवलाय, नवे त्यांच्यामागे. तो गोंधळ दिग्दर्शनाचा भाग आहे, तो सरळ करणं म्हणजे मालिका बदलणं.

“मामा, यातले सात उडवू? एकच भाग आठदा कॉपी झालाय.”

“थांब, हात लावू नकोस!”

ते आठ भाग 2009 च्या नव्या भागांपैकी, ‘एंडलेस एट’ याच एका नावाचे. सुट्टीचे तेच दिवस पुन्हापुन्हा येतात, पण प्रत्येक भाग नव्याने काढलेला आणि नव्याने बोललेला आहे. दोन भाग शेजारी लावून त्याला दाखवले. कपडे वेगळे, चौकट वेगळी. मग एकेकाला क्रमांक दिला आणि माहिती लॉक केली. नाहीतर पुढच्या स्कॅनला सॉफ्टवेअर आपलंच म्हणणं खरं करतं.

सबटायटलचा त्रास निराळा. सजवलेली अक्षरं जुन्या टीव्हीला झेपत नाहीत, मग सर्व्हरला ती चित्रातच कोरून पाठवावी लागतात आणि प्रोसेसर तापतो.

आता ‘डिटेक्टिव्ह कॉनन’ बाकी आहे. 1996 पासून चालू, अजून संपलेली नाही. मला सलग क्रमांक हवेत, भाच्याला सीझन पाडायचेत.