पाण्यावरची रेघ

जी गोष्ट क्षणभरही टिकत नाही, तिला आपण 'पाण्यावरची रेघ' म्हणतो. आणि जी कधीच पुसली जात नाही, ती 'काळ्या दगडावरची रेघ'. पाणी आपल्यावर काही उमटू देत नाही, हा तर आपला नित्याचा अनुभव. असे असूनही माणसाच्या कल्पनाशक्तीने स्मृती सांभाळण्याचे काम काही वेळा पाण्याकडेच सोपविले आहे.

प्राचीन ग्रीस देशात लेबादेया नावाच्या नगराजवळ ट्रोफोनिअस ह्या देवतुल्य वीराचे एक भूमिगत स्थान होते. आपल्या प्रश्नाला उत्तर मिळावे म्हणून लोक तेथे कौल लावण्यास जात. पॉसेनिअस ह्या ग्रीक प्रवाशाने इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात ह्या स्थानाचे वर्णन लिहून ठेवले आहे. तो स्वतः तेथील विधी करून आला होता. भुयारात उतरण्यापूर्वी भक्ताला जवळजवळच्या दोन झऱ्यांचे पाणी प्यावे लागे. पहिला झरा विस्मृतीचा. त्याच्या पाण्याने मनातील पूर्वीचे सारे विचार नाहीसे व्हावेत, अशी श्रद्धा होती. दुसरा झरा स्मृतीचा. त्याच्या पाण्याने भुयारात जे दिसेल ते ध्यानात राहावे. भक्त वर आला, म्हणजे पुजारी त्याला स्मृतीच्या आसनावर बसवून सर्व हकीकत विचारीत. आणि जे पाहिले वा ऐकले, ते त्याने एका फळीवर लिहून तेथे अर्पण करावे, असा दंडक होता. स्मृतीचे पाणी प्यालेल्या माणसालाही लिहिण्याचे चुकत नसे, ही गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे.

ह्या कल्पनेशी नाते सांगणारी एक कल्पना आपल्या काळातील इंग्रज लेखिका जे. के. रोलिंग ह्यांच्या कादंबऱ्यांत आढळते. हॅरी पॉटर नावाच्या अनाथ मुलाची ही कथा १९९७ ते २००७ ह्या काळात सात भागांत प्रसिद्ध झाली. तीत हॉगवर्ट्‌स नावाची जादूविद्येची एक शाळा आहे. स्कॉटलंडमधील एका पुरातन किल्ल्यात ती भरते. ह्या शाळेचे वृद्ध मुख्याध्यापक डंबलडोर ह्यांच्या दालनातील एका कपाटात दगडाचे एक उथळ पात्र ठेवलेले आहे. त्याच्या काठावर प्राचीन लिपीतील अक्षरे व चिन्हे कोरलेली आहेत. पात्रात जे भरलेले आहे, ते पाणी म्हणावे तर पाणी नव्हे, आणि वाफ म्हणावी तर वाफही नव्हे. रुपेरी रंगाचा तो पदार्थ वाऱ्याने हलणाऱ्या पाण्यासारखा सदैव चंचल असतो. त्या आहेत माणसांच्या आठवणी!

ह्या पात्राचे नाव 'पेन्सिव्ह'. इंग्रजीत ह्या उच्चाराच्या एका शब्दाचा अर्थ 'विचारमग्न' असा आहे, तर 'सिव्ह' म्हणजे चाळणी. दोन्ही अर्थ एका नावात गुंफून लेखिकेने पात्राचे कार्यच सुचविले आहे. डोक्यात विचारांची दाटी झाली, की डंबलडोर जादूची कांडी कपाळाच्या बाजूस लावतात, रुपेरी धाग्यासारखी आठवण अलगद ओढून काढतात आणि पात्रात सोडतात. पुढे सवड मिळेल तेव्हा ती न्याहाळता येते आणि एका घटनेचा दुसरीशी असलेला संबंध उलगडतो. परंतु ह्या पात्राचा खरा विशेष निराळाच आहे. त्यात उतरणारा मनुष्य त्या घटनेच्या जागी एखाद्या त्रयस्थासारखा उभा राहतो. तो सर्व पाहतो, सर्व ऐकतो. मात्र त्याला कोणी पाहू शकत नाही आणि घडून गेलेले त्याला बदलता येत नाही.

असे पाहणे नेहमी सुखाचे नसते. २००३ साली निघालेल्या पाचव्या भागात हॅरी आपले शिक्षक स्नेप ह्यांची आठवण चोरून पाहतो. स्नेप त्याला मनस्वी नावडतात. आणि आपला दिवंगत पिता फार थोर होता, असेच तो लहानपणापासून ऐकत आलेला असतो. पात्रात त्याला दिसते ते उलटेच. पंधरा वर्षांचा त्याचा पिता केवळ गंमत म्हणून विद्यार्थिदशेतील स्नेपची सर्वांसमक्ष विटंबना करीत असतो. हॅरीही तेव्हा पंधराच वर्षांचा असतो. 'ते वयच तसे होते' ही वडिलांच्या मित्रांनी केलेली सारवासारव म्हणूनच त्याला पटत नाही. ज्याचा आपण द्वेष करतो, त्यालाही दुःख असते, आणि ज्याला आपण पूजतो, त्याच्याही हातून अन्याय घडतो, हे त्याला प्रथमच उमगते. सातव्या भागात मरणोन्मुख स्नेप आपल्या आठवणी हॅरीच्या स्वाधीन करतात. त्या पाहिल्यावरच ह्या मनुष्याने आपले किती वर्षे रक्षण केले, हे त्याला कळते. तोपर्यंत आभार मानण्याची वेळ निघून गेलेली असते.

ह्या पात्रातील आठवण नेहमी शुद्धच असते, असेही नाही. सहाव्या भागात स्लगहॉर्न नावाचे एक शिक्षक आपली एक आठवण डंबलडोरांना देतात. पण ऐन मोक्याच्या जागी तीत दाट धुके पसरते. आपल्या तोंडून एका दुष्ट विद्यार्थ्याला नको ती माहिती दिली गेली, ह्या लाजेने त्यांनी स्वतःच ती आठवण बिघडविलेली असते. त्या दुष्टाचा नाश करण्यासाठी नेमके तेच सत्य आवश्यक असते. एका माणसाची लाज अशी अनेकांच्या जिवावर बेतते.

ही सारी जादूची कथा झाली. परंतु आपली खरी स्मृती तरी कशी आहे? केंब्रिज येथील मानसशास्त्रज्ञ फ्रेडरिक बार्टलेट ह्यांनी १९३२ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात काही प्रयोग वर्णिले आहेत. त्यांनी इंग्रज वाचकांना उत्तर अमेरिकेतील आदिवासींची एक लोककथा वाचावयास दिली आणि पुढे काही काळाने ती पुनःपुन्हा आठवून लिहावयास सांगितली. कथा उत्तरोत्तर लहान होत गेली. अपरिचित गोष्टी गळाल्या, किंवा त्यांच्या जागी ओळखीच्या गोष्टी आल्या. सीलच्या शिकारीची मासेमारी झाली! कोणीही जाणूनबुजून खोटे लिहिले नव्हते. ह्यावरून असे दिसते, की आठवण ही कुपीत भरून ठेवलेली वस्तू नव्हे; प्रत्येक वेळी आठवताना मन ती नव्याने रचते, आणि रचताना आपल्या समजुतींची भर घालते. स्लगहॉर्नने जे हेतुपुरस्सर केले, ते आपल्याकडून नकळत घडत असते. म्हणून 'मला पक्के आठवते' एवढ्या बळावर कोणाला दोषी ठरविणे धोक्याचे असते.

हॉगवर्ट्‌सचे पात्र आपल्यापाशी नाही. परंतु लेबादेयाची फळी आपल्यापाशी आहे. घडलेली गोष्ट ताजी असतानाच प्रामाणिकपणे लिहून ठेवावी. आपली चूक असेल, तर तीही लिहावी. भांडणाची हकीकत लिहिताना, समोरच्याने ती कशी सांगितली असती, ह्याचाही विचार करावा. काही वर्षांनी ते पान उघडले, की मनुष्य स्वतःकडेच त्रयस्थासारखा पाहू लागतो. आणि ज्याच्यावर आपण उगाच रागावलो होतो, त्याची क्षमा मागण्यास कदाचित अजून वेळ उरलेला असतो.