ओढ्याची वाटचाल

महाराष्ट्राच्या नकाशात गोदावरी चटकन सापडते. थोडे बारकाईने पाहिले, तर विदर्भाच्या दक्षिण सीमेवरून वाहणारी पैनगंगाही दिसते. परंतु वाशीम जिल्ह्यातील मानोरा तालुक्यात पोहरादेवी नावाचे जे गाव आहे, त्याच्या शिवारातील ओढे त्या नकाशात शोधूनही आढळत नाहीत. पुष्कळ ओढ्यांना तर स्वतःचे नावही नसते. गावकरी त्यांना नुसते 'नाला' म्हणतात. असे असले तरी विहिरीचे पाणी किती दिवस पुरेल आणि शेतातली माती शेतातच राहील की वाहून जाईल, हे बऱ्याच अंशी हे निनावी ओढेच ठरवतात.

ओढा समजून घ्यावयाचा, तर आधी तो ज्या भूमीवरून वाहतो ती भूमी पाहिली पाहिजे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी पृथ्वीच्या पोटातील तप्त लाव्हारस भूपृष्ठाच्या भेगांतून बाहेर पडला व दूरवर पसरून थिजला. असे थरांवर थर साचून दख्खनचे पठार तयार झाले. या काळ्या खडकाला बेसाल्ट म्हणतात. ऊन, वारा व पाऊस यांनी तो हळूहळू झिजला, फुटला व त्याचा मुरूम झाला. मुरमाची पुढे माती झाली. म्हणूनच टेकड्यांच्या माथ्यावर बरड, मुरमाड व पातळ जमीन असते आणि सखल भागात काळी, कसदार जमीन आढळते.

ओढ्याचा जन्म याच बरड माथ्यावर होतो. मृगाच्या पहिल्या सरी पडल्या की तहानलेली जमीन ते पाणी पिऊन टाकते. पण पावसाचा जोर वाढला म्हणजे सारे पाणी जिरत नाही. उरलेले पाणी उताराला लागते व त्याच्या बारीक ओघळी होतात. दोन ओघळी मिळून ओहोळ होतो, अनेक ओहोळ मिळून ओढा होतो. जितक्या जमिनीवरचे पाणी अशा रीतीने एका ओढ्यात येऊन पडते, तितक्या जमिनीला त्या ओढ्याचे पाणलोट क्षेत्र म्हणतात.

हे पाणी किती असते, याचा हिशेब सोपा आहे. एक हेक्टर जमिनीवर एक सेंटिमीटर पाऊस पडला, तर एक लाख लिटर पाणी होते. पाच सेंटिमीटरची एकच जोरदार सर आली, तर त्याच जमिनीवर पाच लाख लिटर पाणी पडते. पाणलोट क्षेत्र शंभर हेक्टरांचे असेल, तर ते पाणी पाच कोटी लिटर भरेल! त्यातील थोडाच भाग ओढ्यात उतरला, तरी सकाळी कोरडा असलेला ओढा दुपारी दुथडी भरून का वाहतो, हे सहज ध्यानात येईल.

ओढ्याची चाल सर्वत्र सारखी नसते. माथ्यापाशी उतार तीव्र असतो. तेथे तो धावत सुटतो, दगडगोटे लोटतो आणि तळ खरवडून काढतो. सखल शेतांत आला म्हणजे त्याचा वेग मंदावतो व तो वळणे घेऊ लागतो. वळणाच्या बाहेरच्या काठावर पाण्याचा मारा होऊन तो काठ खचतो. आतल्या काठावर मात्र पाणी संथ असल्यामुळे वाळू व गाळ साचतो. एका शेतकऱ्याचा बांध तुटतो, तर दुसऱ्याच्या धुऱ्यापाशी गाळाची भर पडते, ती यामुळेच.

पुढे या परिसरातील पाणी अरुणावती नदीच्या खोऱ्यात उतरते. ही नदी आग्नेयेकडे वाहत यवतमाळ जिल्ह्यात शिरते. तेथे दिग्रसजवळ तिच्यावर धरण बांधलेले आहे. धरणातून पुढे गेलेले पाणी शेवटी पैनगंगेला मिळते. पैनगंगा वर्धा नदीला मिळते. वर्धा व वैनगंगा यांचा संगम झाल्यावर त्या प्रवाहाला प्राणहिता हे नाव लाभते आणि प्राणहिता सिरोंच्याजवळ गोदावरीत विलीन होते. अशा रीतीने पोहरादेवीच्या माळावर पडलेला थेंब बंगालच्या उपसागराला जाऊन पोहोचतो.

याच वाशीम जिल्ह्यात उगम पावणारी काटेपूर्णा मात्र उलट दिशेला, म्हणजे उत्तरेकडे वाहते. ती पूर्णेला मिळते, पूर्णा तापीला, आणि तापी अरबी समुद्राला. दोन्ही बाजूंना पाणी वाटून देणाऱ्या अशा उंच भूमीला जलविभाजक म्हणतात. एकाच ढगातून पडलेले दोन थेंब जलविभाजकाच्या दोन बाजूंना पडले, तर ते दोन वेगवेगळ्या समुद्रांना मिळू शकतात!

परंतु ओढ्याचे हे वैभव चार महिन्यांचे असते. वर्षाचा बहुतेक पाऊस जून ते सप्टेंबर या काळातच पडतो. दिवाळीनंतर धार बारीक होते, पुढे ठिकठिकाणी डबकी उरतात आणि उन्हाळ्यात पात्रात वाळू व गोटे तेवढे दिसतात. बेसाल्टच्या भेगांत व मुरमात जेवढे पाणी मुरले असेल, तेवढेच विहिरींना मिळते. पोहरादेवी हे बंजारा समाजाचे श्रेष्ठ तीर्थक्षेत्र आहे. संत सेवालाल महाराजांच्या समाधीच्या दर्शनासाठी रामनवमीला येथे मोठी यात्रा भरते व दूरदूरच्या प्रांतांतून भाविक येतात. रामनवमी येते चैत्रात. म्हणजे ओढे आटलेले असतात, नेमकी तेव्हाच गावाला पाण्याची अधिक गरज भासते. पूर्वी बैलांच्या पाठीवर धान्य व मीठ लादून देशभर फिरणाऱ्या बंजारांचे तांडे पाणी व चारा पाहूनच मुक्काम करीत. पाण्याची किंमत त्यांना पुरती ठाऊक होती.

ओढा अडवता येत नाही. पण त्याला सावकाश चालावयास लावता येते. उतारावर आडवे बांध घातले, ओघळींत दगडांचे छोटे बांध रचले, माथ्यावर गवत व झाडे राखली, म्हणजे धावणारे पाणी रांगू लागते आणि रांगणारे पाणी जमिनीत जिरते. १९७२ च्या दुष्काळात महाराष्ट्रात लोकांच्या हाताला काम देण्यासाठी ठिकठिकाणी पाझर तलाव व बांधबंदिस्तीची कामे काढली गेली, त्यामागे हाच विचार होता. मात्र बांध घालून काम संपत नाही. त्यांत साचलेला गाळ वेळोवेळी काढावा लागतो. ओढ्याचे पात्र नांगरून शेतात घेतले किंवा त्यात केरकचरा टाकला, तर पुराच्या दिवशी ओढा आपली वाट परत मागतो आणि ती घेतोही.

गोदावरीला कोणीही आदराने हात जोडतो. परंतु ती अशाच असंख्य निनावी ओढ्यांची मिळून बनलेली आहे. नदीची निगा नदीच्या काठी नव्हे, तर आपल्या शेताच्या बांधापाशी सुरू होते. पुढच्या पावसाळ्यात आपल्या गावचे पाणी कोठून येते व कोठे जाते, हे पाऊस थांबताच बांधावर उभे राहून पाहावे. नकाशात नसलेला एक ओढा तेथे नक्की भेटेल.