जन्मतारखेचा घोळ लागणीलाच मिटवा

सभासद बंधू-भगिनींनो,

गटातला चिटबॉय तुमच्या बांधावर येतो, लागणीची तारीख लिहून घेतो, तुम्ही सही करता. आडसाली जुलै-ऑगस्टची, सुरू जानेवारी-फेब्रुवारीची. पुढे तोडीचा नंबर त्याच तारखेवर लागतो. तोडीच्या तोंडावर कुणी म्हणाला, "साहेब, माझी लागण महिनाभर आधीची हाये," तर त्याचा नंबर वर घेताना दुसऱ्याचा खाली जातो. नोकरदाराच्या जन्मतारखेचेही तसेच आहे. आपल्या अनेकांची मुले, भाऊ कारखान्यात किंवा सरकारी नोकरीत आहेत, म्हणून हा विषय घेतला.

मी पूर्वी दुसऱ्या एका कारखान्यावर होतो. तिथल्या शेतकी खात्यात एक जुने फिल्डमन होते. आम्ही त्यांना नाना म्हणत असू. निवृत्तीला चार महिने राहिले आणि नानांनी अर्ज दिला. दप्तरात तारीख १ जून १९५९. त्यांची आई सांगे, "महाराष्ट्र झाला त्या साली, पोळ्याच्या आदल्या दिवशी झाला." म्हणजे १९६० चा पावसाळा. शाळेत नाव घालताना मास्तरांनी सहा वर्षे पुरी धरून १ जून लिहून टाकली. शाळा जूनमध्ये भरायची, म्हणून त्या काळच्या कितीतरी जणांचा वाढदिवस १ जूनलाच येतो!

नानांनी गावचे कोतवाल बुक, म्हणजे गाव नमुना १४, शोधून काढले. नोंद सापडली. वडिलांचे नाव होते, तारीख होती, पण पुढे नुसते 'मुलगा'. घरात भाऊ दोन. हा मुलगा कोणता, ते कागदावरून ठरेना. अर्ज नामंजूर झाला. धाकट्या मुलीचे लग्न व्हायचे होते, आणखी वर्षभराचा पगार त्यांनी हिशोबात धरला होता. नाना खोटे बोलत होते असे मला आजही वाटत नाही. पण त्यांच्या जागी बढतीची वाट पाहणाराही घरदारवालाच होता. आणि त्या तारखेखाली नानांची सही तीस वर्षांची होती.

कोर्टही हेच पाहते. राज्य सरकारच्या १९८१ च्या सेवा नियमांखाली, नोकरीत लागल्यापासून ५ वर्षांच्या आत दुरुस्तीचा अर्ज करावा लागतो. महाराष्ट्राच्याच एका प्रकरणात सुप्रीम कोर्टाने २०१० मध्ये निवृत्तीच्या तोंडावरची दुरुस्ती मान्य केली नाही. २०२१ मध्ये कर्नाटकातील प्रकरणात कोर्टाने सांगितले की, पुरावा भक्कम असला तरी उशिरा आलेल्याला दुरुस्ती हक्क म्हणून मागता येत नाही. लष्करप्रमुखही यातून सुटले नाहीत. पुण्यात जन्मलेले जनरल व्ही. के. सिंग यांच्या मॅट्रिकच्या दाखल्यावर १९५१ साल, तर प्रबोधिनीच्या प्रवेश अर्जावर १९५०. कोर्टाचा कल पाहून १० फेब्रुवारी २०१२ रोजी त्यांनी याचिका मागे घेतली आणि ३१ मे रोजी ते निवृत्त झाले.

अशा दाव्यात कारखान्याचा वकिलावर होणारा खर्च कुठून जातो? शेवटी तो आपल्याच उसाच्या भावातून जातो.

म्हणून एवढे करा. घरातले कुणी नोकरीत असेल तर शाळेचा दाखला, टाइम ऑफिसचे रजिस्टर आणि प्रॉव्हिडंट फंडाची नोंद, या तिन्हींतली तारीख आजच ताडून पाहा. फंडाची पेन्शन ५८ व्या वर्षी सुरू होते, तेव्हा घोळ निघाला तर धावपळ होते. आधार कार्डावर विसंबू नका. जानेवारी २०२४ पासून फंडाचे कार्यालय जन्मतारखेचा पुरावा म्हणून ते धरत नाही.

नातवंडाचा जन्म २१ दिवसांत नोंदवा. वर्ष उलटले तर दंडाधिकाऱ्यांचा हुकूम लागतो. नुसती 'मुलगा' किंवा 'मुलगी' अशी नोंद ठेवून घरी येऊ नका. बारसे झाले की वर्षाच्या आत नाव घालून घ्या, त्याला फी पडत नाही. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांना शाळेपासून सरकारी नोकरीपर्यंत हाच दाखला लागणार आहे.

लागणीची पावती जशी जपता, तसाच तो कागद जपा. नानांच्या नोंदीत एक नाव जरी असते, तर निदान वेळेवर मागायला त्यांच्या हाती काही राहिले असते.

कळावे,
आपला,
ऊस विकास अधिकारी